हिरवी वायर

कर्वेनगर, पुणे
रविवार, ८ डिसेंबर २०२४

ती. दादास,

“अक्षू, तू तिथे होतीस. मी ती वायर लावली होती की नाही, तू पाहिलं असशील ना गं?” असं तू मला कोर्टाच्या बाहेर, रसवंतीच्या बाकावर विचारलं होतंस. मी म्हणाले, “आठवत नाही, दादा.” तू मान हलवलीस आणि रसवाल्याला सांगितलंस, हिच्या ग्लासात बर्फ नको, हिचा घसा धरतो.

फोन तू उचलत नाहीस, म्हणून लिहिते आहे. आपल्यात भांडण असं कधी झालंच नाही. मी मुंबईला निघून गेले, मग परत आले ती थेट कर्वेनगरला. हडपसरला आई होती तोवर दिवाळीला भेटलो, ती गेल्यावर तेही संपलं. तू वाघोलीत नर्सरी टाकलीस हे मला नगर रोडवरून जाताना पाटी वाचून कळलं. गाडी थांबवली नाही.

बातमी अशी की इंद्रजीत गेला. मार्चमध्ये, कॅनडात, हार्ट अटॅकने. त्याच्या बहिणीने माळा साफ केला तेव्हा पत्र्याचे दोन डबे निघाले. एकात आपल्या त्या सिनेमाचं रीळ, दुसऱ्यात आवाजाची टेप. इथेच एका सोसायटीच्या तळघरात चार-पाच मुलं जुन्या फिल्म साफ करून कॉम्प्युटरवर घेतात. डबे त्यांच्याकडे गेले आणि त्यांच्यातली श्रद्धा नावाची मुलगी डब्यावरचं माझं नाव वाचून मला शोधत आली. मी बिल्डिंगच्या खाली भाजी घेत होते. ती म्हणाली, “तुम्हीच का अक्षता मॅम? ‘चौथी शिफ्ट’च्या साऊंडवाल्या?” हातातली मेथी खाली पडली, ती मी दोनदा उचलली.

ते लोकांना दाखवायचं म्हणतायत. तुला बाहेरून कळू नये, एवढ्यासाठीच हे पत्र. बाकी काही मागायचं नाही. मी तर त्या वेळी टेप बदलत होते, रेकॉर्डर बंद होता, त्यामुळे मला त्यातलं काही सांगताही येणार नाही. हे तुला माहीतच आहे.

वहिनींना नमस्कार.

अक्षता

*

रविवार, २२ डिसेंबर २०२४

ती. दादास,

सिनेमा पाहिला.

तू त्याला ‘पोरांचा धिंगाणा’ म्हणायचास आणि तरी फुकट वायरिंग करून दिलंस. तुला कोणी नीट सांगितलंही नसेल की तिथे काय चाललं होतं. इंद्रजीतचं म्हणणं होतं की गोष्ट नको, हिरो नको, सेन्सॉर नको. एक बँड घ्यायचा, एक गाणं, एक रीळ. अकरा मिनिटांचं रीळ संपेपर्यंत कोणी थांबायचं नाही. मग चादरीवर, कोणाच्या तरी पार्किंगमध्ये दाखवायचं आणि पोलीस आले तर वाढदिवस आहे म्हणायचं. असे त्याने आधी दोन केले होते. एकात तर ड्रमर पूर्ण वेळ पाठमोरा होता आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या होत्या.

‘चौथी शिफ्ट’ बँडमधले तिघं कारखान्यातले, आयटीआय केलेले. चौथा धम्मदीप, बेस वाजवायचा आणि गायचा. बी.कॉम. अर्धवट सोडलं म्हणून घरी रोज बोलणी खायचा. तुझ्या स्कूटरवर मागे बसून गिटार आडवी धरायचा आणि येणाऱ्याजाणाऱ्याच्या शिव्या खायचा, ते आठवतं? तो अजून चोवीसचाच आहे, दादा. आपण पंचेचाळीस आणि पन्नास झालो आणि तो पडद्यावर चोवीस वर्षांचा, कपाळावर केस, पायात तुझे गमबूट.

कृष्णधवल आहे. पत्र्याची शेड, छपराच्या भोकांतून आलेलं दुपारचं ऊन आणि जमिनीवर बोटभर पाणी. ते पाणी तू वायरिंग करून मांजरी गावातल्या लग्नमांडवाच्या कामाला निघून गेलास त्यानंतर इंद्रजीतने ओतायला लावलं, ऊन हललेलं दिसावं म्हणून. हलतं ते. सुंदर दिसतं. मला ते सुंदर दिसलं याची भीती वाटली.

पहिली आठ मिनिटंच दाखवणार आहेत. नवव्या मिनिटाला तो पडतो. पुढचं श्रद्धाने वेगळं करून ठेवलंय, कोणालाच दाखवायचं नाही असं तिने स्वतःहून ठरवलं. परवानगी मालनबाईंकडून आणली, म्हणजे धम्मदीपच्या आईकडून. त्या ब्याऐंशीच्या आहेत. डोळ्यांनी दिसत नाही जवळजवळ. त्यांच्याकडे मुलाचे दोन फोटो आहेत, पण आवाज कुठेच नाही. त्या काळी कोण कोणाचा आवाज ठेवत होतं! त्या म्हणाल्या, दिसत नसलं तरी चालेल, ऐकू तर येतंय.

यावरून तुझ्या लक्षात आलं असेल. आवाज आहे, म्हणजे रेकॉर्डर चालू होता. मी पंचनाम्याच्या वेळी बंद होता असं सांगितलं. बावीस वर्षांची होते, घाबरले होते. बंद म्हटलं की प्रश्न संपतात असं वाटलं.

रविवारी १९ जानेवारीला सकाळी अकरा वाजता, तळघरातच. तीस खुर्च्या. तू यावंस असं वाटतं. येऊ नयेस असंही वाटतं. दोन्ही लिहून टाकलं.

अक्षता

*

मंगळवार, ७ जानेवारी २०२५

दादा,

तुझं कार्ड मिळालं. पोस्टकार्ड अजून मिळतं हे तुझ्यामुळे कळलं. “रविवारी गिऱ्हाईक असतं. झाडं चालत जात नाहीत, त्यामुळे मलाही जमणार नाही. मालनबाईंना आणताना रिक्षा दारात लावणे. त्यांना उजवीकडची पायरी दिसत नाही. — शंभू.” मी ते फ्रिजवर लावलं आणि दुपारी काढून कपाटात ठेवलं.

उजवीकडची पायरी तुला कशी ठाऊक, हे मला तेव्हा कळलं नव्हतं. काल कळलं.

श्रद्धाने मालनबाईंना काल तळघरात आणलं होतं, खुर्ची कुठे ठेवायची, आवाज किती ठेवायचा, ते बघायला. पांढरं लुगडं, हातात काठी, आणि आल्या आल्या, “कुठं हाय तुमची मशीन? माझं पोरगं त्यात बसलंय म्हणं. मला तर कधी एका जागी बसलेलं घावलं न्हाई.” मुलं हसली. मी मागे उभी होते. श्रद्धाने ओळख करून दिली तर त्यांनी माझा हात धरला आणि बोटं चाचपली.

“शंभूची बहीण का तू?”

“हो.”

“येतो की तो. महिन्याच्या महिन्याला. डोळ्याच्या डॉक्टरकडं तोच नेतो मला. कुंड्या आणून ठेवल्यात दारात, मी म्हनते, मला दिसंना, तर म्हनतो हात लावून बघा.” मग म्हणाल्या, “चुकलं बाई त्याचं. पण पळून गेला न्हाई.”

दादा, तू हे कधीपासून करतोयस? कोणालाच कसं सांगितलं नाहीस? पण सांगणार कोणाला म्हणा. आई तर शेवटपर्यंत तुला घरातला साधा बल्ब बदलू देत नव्हती. स्टुलावर तू चढलास की म्हणायची, “राहू दे, शेजारच्या पोपटला बोलावते.” तू उतरायचास. मी तिथे बसलेली असायचे, चहा पीत.

मालनबाईंना आत्ताच सगळं ऐकवायचं नाही, पहिल्यांदा एकोणीसलाच, सगळ्यांबरोबर, असं त्यांनीच सांगितलं. “लग्नाला आधी नवरा बघत न्हाईत,” म्हणाल्या. त्यांनी साडीही काढून ठेवलीय म्हणे.

मला आजकाल झोप नाही आणि दिवसाही धड नाही. घरात फ्रिजचा घूं असा आवाज चालू असतो तोवर मी ठीक असते. तो मध्येच थांबतो तेव्हा मी दचकते. ओट्याशी उभी असले तर हातातलं भांडं खाली ठेवावं लागतं. तुला हे विचित्र वाटेल. त्या टेपवर असाच एक घूं आहे आणि तो एका जागी थांबतो. गाणं सुरू व्हायच्या आधी. श्रद्धा हुशार आहे. ती रोज दोन-दोन मिनिटं साफ करत पुढे चालली आहे. मी रोज संध्याकाळी पाच वाजता कुठलंतरी कारण काढून तिथे जाते आणि ती कुठपर्यंत आली ते बघते.

अक्षू

*

सोमवार, १३ जानेवारी २०२५

दादा,

आज तिने विचारलं.

कानावरचे हेडफोन काढून माझ्या हातात दिले. “मॅम, हे ऐका ना. इथपर्यंत हम आहे, तो घूं, एकदम सॉलिड. मग टक्. मग साधारण चार मिनिटं नुसती बडबड. परत टक् आणि हम गायब. फिल्टर वगैरे काही नाहीये, रॉ आहे हे.”

मी ऐकलं. चार मिनिटांत कोणीतरी शिंकतं, ड्रमर म्हणतो भूक लागली, धम्मदीप म्हणतो, “तुला जेवताना पण ठोकायला लागतं का रे?” आणि मग अगदी जवळून एका मुलीचा आवाज, खूप खूश. “गेला बघ घूं. आता वाजव.”

“ही कोण?” श्रद्धाने विचारलं.

“मीच.”

“काय छान आवाज होता तुमचा! पण मग अर्थिंगची वायर कोणी काढली? म्हणजे हे अर्थिंग सोडवलंय ना, तो हम घालवायला? कोणीतरी केलं असणार ना.”

आणि दादा, मी म्हणाले, “आमचा वायरमन होता. त्यानेच काहीतरी केलं असेल.”

तिचे डोळे एवढे मोठे झाले. “शंभूकाका? म्हणजे लावायची राहून गेली नव्हती? मुद्दाम काढली?” मी हेडफोनची वायर गुंडाळत राहिले. तिने लगेच वहीत लिहून घेतलं. दाखवायच्या आधी ती जे दोन शब्द बोलणार आहे, त्यात हे घेणार म्हणे, कारण रेकॉर्डिंग इतकं स्वच्छ का आहे ते लोकांना कळायला हवं.

मी घरी आले. पायातली चप्पल न काढता तशीच पलंगावर बसले आहे.

(हे त्या दिवशी टाकलं नाही. आता सोबत ठेवते.)

*

शुक्रवार, १७ जानेवारी २०२५

दादा,

हे पत्र मी स्वतः येऊन तुझ्या फाटकात ठेवणार आहे. पोस्टाने सोमवारी पोचेल आणि तोवर उशीर झालेला असेल. आत येणार नाही, घाबरू नकोस.

वायर मी काढली.

तू लावली होतीस. तिन्ही लावल्या होत्यास, स्क्रू घट्ट होते, इतके की तुझ्याच टेस्टरने उघडताना माझ्या तळहाताला वळ पडला. मी आठवीत असताना तूच मला दाखवलं होतंस, लाल येते, काळी जाते, हिरवी सांभाळते. मला माहीत होतं हिरवी काय करते. माहीत नसताना केलं असं मला कधीच म्हणता येणार नाही.

पहिलं रीळ घूंमुळे वाया गेलं होतं. इंद्रजीतकडे एकच उरलं होतं. तो माझ्यावर ओरडला नाही, फक्त म्हणाला, “चित्र घाण चाललं असतं गं, आवाज नाही.” मी तेव्हा मुंबईच्या एका स्टुडिओत सहा महिने उमेदवारी केली होती. तिथे घूं आला की सिनियर लोक निमूट ॲम्पच्या प्लगमधली अर्थिंगची हिरवी वायर सोडवायचे. रेकॉर्डिंग झालं की परत लावायचे. सगळे करायचे. मला वाटायचं, हे जमतं तो खरा साऊंडवाला. त्या चार मिनिटांत मला कोणी बघितलं नाही, बघितलं असतं तरी कोणाला काही वाटलं नसतं. घूं गेला तेव्हा धम्मदीपने माझ्याकडे बघून अंगठा वर केला. मला त्याचा आवाज फार आवडायचा, दादा. हेही तुला कधी सांगितलं नव्हतं. तो स्वच्छ यावा एवढंच त्या क्षणी डोक्यात होतं.

बँडवाल्यांना माईक चावायचा हे तुला माहीत आहे. ओठ लागला की झिणझिणी. त्यावरून ते एकमेकांची चेष्टा करायचे, म्हणायचे, माईकने पप्पी घेतली. म्हणून सगळे माईकवर स्पंजची टोपी घालायचे. धम्मदीपने घातली होती. नवव्या मिनिटाला, का कोण जाणे, त्याने ती उपटून फेकली. गाणं चढलं होतं. ॲम्पमध्ये आत कुठेतरी बिघाड झाला होता, करंट गिटारच्या तारांपर्यंत आला होता, आणि त्याचा ओठ उघड्या माईकला लागला. हिरवी जागेवर असती तर फ्यूज उडाला असता. रीळ फुकट गेलं असतं, इंद्रजीतने शिव्या दिल्या असत्या, तू मांजरीहून आल्यावर फ्यूज बांधला असतास आणि आपण सगळे वडापाव खाऊन घरी गेलो असतो.

परत लावायला वेळ मिळाला नाही. पोलिसांनी प्लग उघडला तेव्हा हिरवी मोकळी लटकत होती आणि वायरिंग कोणाचं, तर तुझं. तू घाईत होतास हे तू स्वतःच त्यांना सांगितलंस. माझ्यासमोर सांगितलंस. सहा वर्षं केस चालली, शेवटी सोडलं, पण परवाना गेला आणि तू पुन्हा वायरला हात लावला नाहीस. मला रोज वाटायचं, उद्या सांगू. मग तू स्वतःच मानायला लागलास की राहून गेली असेल. तू मानलंस तेव्हा, खरं सांगते, मला बरं वाटलं. त्या बरं वाटण्याला मी सगळ्यात जास्त घाबरते. टेप जाळायला हवी होती, तेही केलं नाही. त्यात त्याचा आवाज होता. डब्यात घालून इंद्रजीतला दिली आणि सांगितलं, खराब आहे, ऐकू नकोस. त्याने ऐकली नाही. तोही घाबरत असणार.

काल श्रद्धाला सांगितलं. ती मशीनसमोर बसली होती. मी म्हणाले, वहीतलं ते खोड, वायरमनने काही काढलं नाही, मी काढली. तिने पेनाचं टोपण लावलं. मग वहीचं पान फाडलं, घडी घालून माझ्या हातात दिलं. मला वाटलं ती आता रडेल नाहीतर हाकलेल. ती म्हणाली, “मॅम, मग आजींना कोण सांगणार?” ‘मॅम’ म्हणाली खरं, पण नेहमीसारखं नाही.

मीच सांगणार. ते ठरलं आहे. मग पोलिसांत जायचं असेल तर जाईन, वकिलाला विचारलंय, तो म्हणाला इतक्या वर्षांनी काय होईल ते बघावं लागेल. होईल ते होऊ दे. तुझा परवाना परत मिळतो का तेही विचारलं. तू हसशील.

पण दादा, एक गोष्ट आहे. मालनबाई तेवीस वर्षांनी परवा मुलाचा आवाज ऐकणार आहेत. आठ मिनिटं. तो इतका स्वच्छ आहे की तो श्वास घेतो तेही कळतं. आणि तो स्वच्छ का आहे हे त्यांना आधी कळलं, तर त्या आठ मिनिटांत त्यांना दुसरं काही ऐकूच येणार नाही. मलाही येत नाही. त्यांनी एकदा तरी नुसतं गाणं ऐकावं. संपल्यावर, त्यांच्या घरी नेऊन, मी त्यांच्या पायाशी बसून सांगेन. रविवारी दुपारी. सोमवार होऊ देणार नाही.

तू हे वाचलंस की पहिल्यांदा त्यांच्याकडे जाशील, मला ठाऊक आहे. उद्याच जाशील. जाण्याचा तुला पूर्ण हक्क आहे. तेवीस वर्षं तू त्या बाईसमोर मान खाली घालून उभा राहिलास, एक दिवस ताठ उभं राहायला कोणाची परवानगी लागू नये, माझी तर नाहीच. शिवाय हे मी त्यांच्यासाठी मागते आहे, की मला अजून दोन दिवस हवे आहेत म्हणून, हे मी कालपासून स्वतःला विचारते आहे. दोन्ही असेल.

तरी विचारते. रविवारी दुपारपर्यंत, एवढे दोन दिवस, त्यांच्या लेखी ती चूक तुझीच राहू देशील का?

नाहीच म्हणशील. म्हण.

अक्षू